हॉट टबच्या पाण्यात क्लोरीन उरतं किती?

प्रश्न थोडक्यात असा आहे. दापोली तालुक्यात समुद्राजवळ होमस्टे चालवणाऱ्या एका ताईंनी अंगणात सहा माणसांचा हॉट टब बसवला. टब १४०० लिटरचा, ॲक्रिलिकचा, पाणी घरच्या विहिरीचं. बसवणाऱ्याने पोहण्याच्या तलावात वापरतात त्या क्लोरीनच्या मोठ्या गोळ्यांचा डबा दिला आणि सांगितलं, एक गोळी तरंगत्या डबीत सोडा, संपली की दुसरी. शेवटचं पाणी बदलल्याला दीड महिना झाला, तेवढ्यात तीन गोळ्या विरघळल्या. पाणी आरशासारखं स्वच्छ. ग्रामपंचायतीच्या किटमध्ये गडद पिवळा रंग येतो, म्हणजे क्लोरीन भरपूर. तरीही पुण्याहून आलेल्या कुटुंबातल्या तिघांच्या अंगावर घरी परतल्यावर दुसऱ्या दिवशी लाल, खाजरे पुरळ उठले, तेही नेमके पोहण्याचे कपडे होते तिथे. ताई विचारतात: गोळ्या वाढवू का, ओझोनचं मशीन बसवू का, की पुरळ दुसऱ्याच कशाचे असतील?

ताई, मी अलिबागपासून मालवणपर्यंत बंगल्यांचे आणि होमस्टेंचे तलाव, हॉट टब सांभाळतो. सतरा वर्षं झाली या कामाला. तुमची हकिगत वाचून नवल वाटलं नाही, काळजी मात्र वाटली. म्हणून आधी आजचं काम सांगतो, कारणं नंतर.

आज टब बंद करा. झाकण लावा, झाकणाला कुलूप असेल तर तेही लावा, आणि जेट किंवा ब्लोअर (बुडबुड्यांसाठी हवा फुंकणारा पंप) चालू करून बघू नका. दुसरं, पुण्याच्या कुटुंबाला आपणहून फोन करा. हे पुरळ बहुतेक स्युडोमोनास नावाच्या जिवाणूचे असणार. कोमट पाण्यात तो झपाट्याने वाढतो, केसांच्या मुळाशी शिरतो आणि केसतुडासारखे बारीक लाल फोड उठवतो. ओला कपडा अंगाला चिकटून राहतो तिथे त्याला जास्त वेळ मिळतो, म्हणून पुरळ तिथेच दाट दिसतात. निरोगी माणसाचे ते बहुधा आठवडा-दोन आठवड्यांत आपोआप जातात. पण कुणाला मधुमेह असेल, ताप आला असेल, फोडांत पू झाला असेल तर त्यांनी डॉक्टरांकडे जावं आणि हॉट टबमध्ये बसलो होतो हे आवर्जून सांगावं. आणि टबात बसल्यापासून दोन आठवड्यांच्या आत कुणाला ताप, खोकला, धाप लागणं असं काही झालं तर एक दिवसही थांबू नये. तसं का, ते पुढे येईलच.

आता गोळ्यांकडे वळू. गोळ्या वाढवू नका. आहेत त्याही काढून टाका. तुमच्या टबाचं दुखणं त्या गोळ्यांतच आहे.

तलावाची ती मोठी पांढरी गोळी ट्रायक्लोरची असते. साधारण २०० ग्रॅम वजनाची. ती विरघळताना क्लोरीन देते, पण सोबत सायन्युरिक आम्लही सोडते. उघड्यावरच्या तलावात त्याचा उपयोग असतो: उन्हाने क्लोरीन उडून जाऊ नये म्हणून हे आम्ल त्याला धरून ठेवतं. एक लाख लिटरच्या तलावात एक गोळी विरघळली तर हे आम्ल एक पीपीएमच्या आसपास वाढतं, म्हणजे लिटरला एक मिलिग्रॅम. तीच गोळी तुमच्या १४०० लिटरच्या टबात विरघळली की वाढ होते जवळपास ८० पीपीएमची. तीन गोळ्यांचा हिशोब तुम्हीच करा. क्लोरीन उडून जातं, वापरलं जातं. हे आम्ल मात्र कुठेच जात नाही, पाणी बदलेपर्यंत साठत राहतं. आणि ते इतकं झालं की क्लोरीनला इतकं घट्ट धरतं की जिवाणू मारायला मोकळं क्लोरीन फारच थोडं राहतं. पाण्यात क्लोरीन आहे, किट ते दाखवतंही, पण कामाला येत नाही. अमेरिकेची रोगनियंत्रण संस्था सीडीसी हॉट टबमध्ये सायन्युरिक आम्ल वापरूच नका असं सांगते, ते याचसाठी. शिवाय ही गोळी चांगलीच आंबट असते. पाण्याचा पीएच खाली ओढते, हीटरची नळी खाते, आणि डबी एकाच जागी तरंगत राहिली तर ॲक्रिलिकवर पांढरा डाग पाडते. तो डाग निघत नाही.

दुसरी फसगत किटची. ग्रामपंचायतीचा जलसुरक्षक नळाच्या पाण्याची ओटी टेस्ट करतो, तेच किट तुम्ही वापरलंत. ते पिण्याच्या पाण्यासाठी आहे. तिथे ०.२ पीपीएम क्लोरीन उरलंय की नाही एवढंच बघायचं असतं आणि त्या कामाला ते पुरतं. पण ओटीचा पिवळा रंग सगळ्याच क्लोरीनला येतो, कामाच्याही आणि निकामी झालेल्याही. घाम, लघवी, अंगाचं तेल यांच्याशी क्लोरीनची गाठ पडली की त्याचे क्लोरामाइन बनतात. ते जिवाणूंना फारसे मारत नाहीत, पण डोळे चुरचुरवतात आणि तो ओळखीचा भपकारा मारतात. लोकांना वाटतं वास येतोय म्हणजे क्लोरीन जास्त झालं. बहुतेक वेळा अर्थ उलटा असतो: ताजं क्लोरीन कमी पडलंय.

या पिवळ्या रंगाने मलाही एकदा फसवलं आहे. सुरुवातीच्या वर्षांत अलिबागजवळच्या एका बंगल्यातला टब मी आठवड्यातून दोनदा बघत असे. किटमध्ये रंग छान यायचा, मी वहीत 'ठीक' लिहून निघायचो. मालकांच्या नातीच्या पाठीवर पुरळ उठले तेव्हा मी पहिल्यांदा एका जेटचं तोंड फिरवून काढलं आणि आत बोट घातलं. बोटाला करडा, बुळबुळीत थर लागला. नाकाजवळ नेला तर ओल्या कुबट फडक्याचा वास. बाहेर पाणी नितळ, आणि अर्ध्या इंचावर आत हे. त्या मुलीची पाठ आणि ते बोट, दोन्ही मी विसरलेलो नाही. तेव्हापासून कुठलाही टब हातात घेतला की आधी एक जेट काढून बोट घालतो, मग किट उघडतो. तुम्हीही तेच करा, हातमोजा घालून.

तो थर म्हणजे जिवाणूंनी स्वतःभोवती बांधलेलं घर. टबाच्या पोटात कितीतरी मीटर नळ्या असतात, ब्लोअरच्या नळ्यांत पाणी अडून राहतं, आणि तिथे क्लोरीन पोचलं नाही की हा थर धरतो. एकदा धरला की वरून टाकलेलं क्लोरीन तोच खात राहतो. रात्री जेट सुरू झाले की थराचे कण सुटून पाण्यात येतात.

आणि पाण्यातून हवेत. धाप लागण्याबद्दल वर लिहिलं ते यासाठी. लिजिओनेला नावाचा दुसरा जिवाणू अशाच कोमट पाण्यात आणि अशाच थरात वाढतो. १९७६ साली फिलाडेल्फियात माजी सैनिकांच्या अधिवेशनात न्यूमोनियाची साथ आली, त्यावरून त्याला हे नाव पडलं. तो पाणी प्यायल्याने सहसा बाधत नाही. जेटच्या बुडबुड्यांतून उडणारे सूक्ष्म तुषार श्वासातून फुप्फुसात गेले की बाधतो. १९९९ मध्ये नेदरलँड्सच्या बोवेनकार्स्पेल गावात फुलांच्या प्रदर्शनात एक हॉट टब नुसता दाखवायला ठेवला होता. त्यात कुणी उतरलंही नव्हतं. बाजूने चालत गेलेली माणसं आजारी पडली आणि तीसहून अधिक दगावली. पन्नाशीपुढची माणसं, धूम्रपान करणारे, दम्याचे किंवा मधुमेहाचे रुग्ण यांना धोका जास्त. तुमच्या अंगणात टबाच्या बाजूला झोपाळा असेल आणि त्यावर घरची म्हातारी माणसं बसत असतील, तर त्यांचाही विचार या पाण्यात येतो.

आता 'किती टाकू' या प्रश्नाकडे. सगळेच हे विचारतात, आणि मी प्रत्येकाला सांगतो की विचारायचं ते 'किती उरलं'. तलावाची सवय टबाला लावली की चुकतं. एक लाख लिटरच्या तलावात सहाजण उतरले तर माणशी सोळा हजार लिटरच्या वर पाणी येतं. तुमच्या टबात माणशी येतं २३३ लिटर, म्हणजे आपल्या अंगणातल्या निळ्या ड्रमापेक्षा जरा जास्त. एकेक पाहुणा एकेका ड्रमात गरम पाण्यात बसून घाम गाळतोय असं डोळ्यांसमोर आणा. त्यात समुद्रावरून थेट आलेला: अंगाला रेती, सनस्क्रीन, केसांना खोबरेल. माझ्या अनुभवात असा एक माणूस तासभर बसला की तुमच्या टबाएवढ्या पाण्यातलं चार-पाच पीपीएम क्लोरीन फस्त होतं. चारजण बसले तर संध्याकाळी ठेवलेलं सगळं क्लोरीन अर्ध्या वाटेतच संपतं, आणि उरलेला वेळ ती चौघं एकमेकांच्या पाण्यात बसलेली असतात.

म्हणून टब सहा आसनांचा असला तरी मी तुम्हाला चारच माणसं बसवायला सांगेन, तीही पंधरा-वीस मिनिटं, आणि दोन फेऱ्यांच्या मध्ये पाणी तपासून. उतरण्याआधी साबण लावून आंघोळ. नुसतं पायांवर पाणी घेणं चालणार नाही. बाहेरच्या न्हाणीघरात गरम पाण्याची सोय करा, म्हणजे पाहुणे कुरकुर न करता आंघोळ करतात. क्लोरीनचा निम्मा खर्च इथेच वाचतो. पाणी ४० अंशांच्या वर नको, ३८ पुरे. पाच वर्षांखालची मुलं टबात नकोत, गरोदर बाईने डॉक्टरांना विचारल्याशिवाय उतरू नये, आणि दारू पिऊन कुणीही नको. तळाशी पाणी ओढणारी जाळी तुटलेली असेल तर टब त्या क्षणी बंद, कारण तिथे केस अडकून माणूस पाण्याखाली धरला जातो.

आकडे लक्षात ठेवायला सोपे आहेत. हॉट टबमध्ये मोकळं क्लोरीन कधीही ३ पीपीएमच्या खाली जाता कामा नये. पाहुणे उतरण्याआधी मी ५ ठेवतो. १० च्या वर असेल तर कुणी उतरायचं नाही. पीएच ७.० ते ७.८ चालतो, पण मी ७.२ ते ७.५ मध्ये धरून ठेवतो, आणि त्याला कारण आहे. क्लोरीन पाण्यात दोन रूपांत असतं. एक मारतं, दुसरं जवळजवळ नुसतं बसून राहतं. पीएच ७.२ ला दोन-तृतीयांश क्लोरीन मारणाऱ्या रूपात असतं, ७.५ ला निम्मं, आणि ८ ला जेमतेम चौथा हिस्सा. जेटच्या बुडबुड्यांनी पाण्यातला कार्बन डायऑक्साइड उडतो आणि पीएच आपोआप वर चढत राहतो. म्हणजे आदल्या दिवशी ७.३ असलेलं पाणी पाहुण्यांच्या धिंगाण्यानंतर सकाळी ७.८ दाखवू शकतं. त्यात चूक कुणाची नसते, फक्त बघायला हवं.

क्लोरीन कोणतं? तुमच्यासाठी मी हायपो सुचवेन, सोडियम हायपोक्लोराइटचं द्रावण. त्यातून सायन्युरिक आम्ल येत नाही. १० टक्क्यांचं ताजं हायपो असेल तर तुमच्या १४०० लिटरला १४ मिलीने १ पीपीएम वाढतं, म्हणजे ५ पीपीएमला ७० मिली. अडचण एकच, हायपो टिकत नाही. दुकानाबाहेर उन्हात ठेवलेला कॅन एप्रिल-मेमध्ये महिना-दीड महिन्यात बरीच ताकद गमावतो. मोठा कॅन स्वस्त पडतो म्हणून घेऊ नका. लहान घ्या, भरल्याची तारीख बघून घ्या, सावलीत ठेवा. तरीही १४ मिलीचा हिशोब हा अंदाज समजा, खरं ते टाकल्यानंतरचं मोजमाप. टीसीएल, म्हणजे ब्लीचिंग पावडर, टबात नको. विहिरीला ती ठीक, पण टबात चुन्याचा गाळ करते, पीएच वर ढकलते आणि आपल्या दमट हवेत उघड्या पोत्यातली पावडर महिन्याभरात नावापुरती उरते.

ब्रोमिनच्या गोळ्याही मिळतात, मुंबईहून मागवाव्या लागतात. गरम पाण्यात आणि जरा चढ्या पीएचला ब्रोमिन चांगलं काम करतं, पातळी ४ ते ८ पीपीएम ठेवायची. महाग पडतं आणि कोकणात वेळेवर मिळेल याचा भरवसा नाही, म्हणून मी त्याचा आग्रह धरत नाही. ओझोनचं मशीन बसवायचं तर बसवा, पण क्लोरीनच्या जागी नको. ओझोन नळीत जिवाणू मारतो आणि तिथेच संपतो; टबात बसलेल्या माणसाच्या अंगाजवळ त्यातलं काही उरत नाही.

मोजण्यासाठी डीपीडीचं किट घ्या. छोट्या बाटलीत १० मिली पाणी, त्यात पहिली गोळी चुरून टाकली की गुलाबी रंग येतो, तो मोकळ्या क्लोरीनचा. त्याच पाण्यात तिसऱ्या क्रमांकाची गोळी टाकली की एकूण क्लोरीन कळतं. दोन आकड्यांतला फरक म्हणजे निकामी झालेलं क्लोरीन. तो ०.४ च्या वर गेला की त्या रात्री मोठा डोस द्यायचा किंवा सरळ पाणी बदलायचं. एक गोष्ट डोळ्यांत तेल घालून बघा: क्लोरीन खूपच जास्त असेल तर गुलाबी रंग क्षणभर चमकतो आणि विरून जातो, पाणी पुन्हा बिनरंगी. नवखा माणूस शून्य समजून अजून हायपो ओततो. शंका आली की टबाचं एक भाग पाणी आणि बाटलीबंद पाण्याचे चार भाग मिसळून पुन्हा तपासा आणि आलेला आकडा पाचने गुणा. सायन्युरिक आम्लाचं वेगळं किट येतं, पण तुम्ही आता गोळ्या बंद करणार असल्याने त्यावर खर्च करू नका. डीपीडीही या आम्लात अडकलेलं क्लोरीन मोकळंच दाखवतं, म्हणून सध्याच्या पाण्यावर कुठल्याच किटचा उपयोग नाही. ते पाणी गेलंच पाहिजे.

ते कसं काढायचं ते नीट सांगतो, कारण इथेच बहुतेकजण घाई करतात. नुसतं पाणी सोडून टब पुसून पुन्हा भरला तर नळ्यांतला थर जागेवर राहतो आणि चार दिवसांत तुम्ही होता तिथेच येता. हॉट टबच्या नळ्या धुण्याचं द्रव्य मिळतं, ते जुन्या पाण्यात टाका, फिल्टर काढून ठेवा आणि डब्यावर लिहिलेला वेळ सगळे जेट, ब्लोअर आणि दिशा बदलण्याच्या चकत्या फिरवत पंप चालवा. पाण्यावर तपकिरी फेस आणि चिंध्यांसारखे तुकडे वर येतील. बघून किळस येते, पण येऊ द्या. त्या वेळी वाकून तोंड जवळ नेऊ नका, चांगला मास्क लावा, घरच्यांना आणि पाहुण्यांना लांब ठेवा. मग पाणी सोडा. जेटची तोंडं काढून ब्रशने घासा, झाकणाची आतली बाजू आणि शिवण पातळ हायपोने पुसा. तिथला काळा बुरशीचा डाग रोज वाफेबरोबर पाण्यात ठिबकत असतो. फिल्टरची कार्ट्रिज या वेळी धुऊ नका, नवीनच घाला. नळ्यांत राहिलेलं पाणी ओल्या-सुक्या व्हॅक्यूमने ओढून काढता आलं तर उत्तम.

भरताना विहिरीच्या पाण्याचा विचार करा. बादलीभर पाण्यात हायपोचे आठ-दहा थेंब टाकून अर्धा तास ठेवा. पाणी चहासारखं झालं तर त्यात लोह आहे. जांभ्याच्या भागात, विशेषतः बोअरच्या पाण्यात हे दिसतं. तसं असेल तर आधी टाकीत भरा, क्लोरीन घालून रात्रभर निवळू द्या आणि वरचं पाणी टबात घ्या. नाहीतर पहिल्याच डोसला टब तांबडा होईल आणि पाहुण्यांना तो रंग कुठून आला ते समजावता येणार नाही. आपल्या विहिरींचं पाणी पुष्कळदा मऊ आणि किंचित आंबट असतं, त्यामुळे पीएच एका जागी थांबत नाही. खाण्याच्या सोड्याने तो स्थिरावतो: तुमच्या टबाला साधारण २५ ग्रॅम सोड्याने क्षारता, म्हणजे पीएच धरून ठेवण्याची पाण्याची ताकद, १० पीपीएम वाढते, ती ६०-७० पर्यंत ठेवा. पीएच चढला की हायड्रोक्लोरिक ॲसिड, पण पाच मिली, इंजेक्शनच्या सिरिंजने मोजून, बादलीभर पाण्यात घालून. अंदाजाने बुचाने ओतू नका. एवढ्याशा पाण्यात दहा मिलीने पीएच ७.८ वरून एकदम ७.४ च्याही खाली येऊ शकतो.

पुढे पहिला डोस २८० मिली हायपो, म्हणजे २० पीपीएम. पीएच ७.८ च्या खाली. हे २० पीपीएम दहा तास टिकवायचं, अधूनमधून मोजून, कमी झालं तर पुन्हा घालून, आणि जेट-ब्लोअर फिरते ठेवून म्हणजे प्रत्येक नळीतून ते पाणी जाईल. झाकण उघडं ठेवा, नाहीतर क्लोरीनची वाफ झाकणाचं फोम आणि रबर खाते.

साठवणीबद्दल दोन गोष्टी कठोरपणे सांगतो. हायपो आणि ॲसिड एका मगात, एका बादलीत, एका फळीवर कधीही नको. दोघांची गाठ पडली की क्लोरीन वायू सुटतो आणि बंद खोलीत तो माणूस मारतो. टबात घालतानाही दोघांत अर्ध्या तासाचं अंतर ठेवा. आणि उरलेल्या ट्रायक्लोर गोळ्यांचा डबा टीसीएल पावडरपासून लांब ठेवा. एकाच चमच्याने दोन्ही काढले आणि ओल लागली तर पेट घेऊ शकतात, स्फोटही होतो. जो मुलगा हे काम करणार आहे त्याला हातमोजे आणि चष्मा द्या, आणि हे शब्द त्याला तुमच्या समोर म्हणून दाखवायला सांगा.

रोजचं काम तसं थोडं आहे. सकाळी क्लोरीन आणि पीएच मोजा. पाहुणे उतरण्याआधी पुन्हा. शेवटचा पाहुणा उठल्यावर लगेच हायपो, सगळे जेट चालू ठेवून वीस मिनिटं, झाकण उघडं. हा रात्रीचा डोस सगळ्यात महत्त्वाचा आहे आणि नेमका तोच राहून जातो, कारण अकरा वाजलेले असतात आणि सगळे दमलेले असतात. पण शून्य क्लोरीनचं ३८ अंशांचं पाणी झाकण घालून रात्रभर ठेवणं म्हणजे विरजण लावून ठेवण्यासारखंच आहे. कितीजण किती वेळ बसले ते वहीत लिहा. आठवड्याभरात तुमच्या टबाला माणशी किती मिली लागतं ते तुम्हालाच कळेल. फिल्टर आठवड्याला पाण्याच्या जोराने धुवा, दोन जोड ठेवा, एक वापरात असताना दुसरा उन्हात खडखडीत वाळू द्या.

वीज गेली तर काय, हे तुम्ही विचारलं नाहीत, पण आपल्याकडे ते विचारावंच लागतं. पंप थांबला की नळ्यांतलं पाणी जागेवर थांबतं आणि तिथलं क्लोरीन आधी संपतं. काही तासच गेली असेल तर आल्याबरोबर मोजा, डोस द्या. दोन-तीन दिवस गेली तर पाणी सोडून द्या. ३ जून २०२० च्या निसर्ग वादळानंतर दापोली, मंडणगड, श्रीवर्धनच्या बाजूला कित्येक गावं आठवडेच्या आठवडे अंधारात होती. तेव्हा भरलेले राहिलेले टब उघडताना मी जे पाहिलं त्यावरून सांगतो. पावसाळ्यात बुकिंग नसेल तर टब रिकामा करून, नळ्या ओढून, कोरडा ठेवा. वापराविना भरून ठेवलेला टब म्हणजे कुणी न बघणारं डबकं.

पाणी किती दिवसांनी बदलायचं? घरगुती वापरात माझा हिशोब असा: लिटरला १२ ने भागा, आलेल्या आकड्याला रोजच्या माणसांनी भागा. तुमच्याकडे रोज चारजण असतील तर २९ दिवस येतात. पण होमस्टेत हा हिशोब मी लावत नाही. ब्रिटनमध्ये भाड्याच्या घरांतल्या टबांसाठी दर नव्या कुटुंबाला नवं पाणी, आणि कुणी जास्त दिवस राहिलं तर निदान आठवड्याला बदल, अशी शिफारस आहे. मला ती पटते. १४०० लिटर म्हणजे सात ड्रम. क्लोरीन शून्यावर आलं, म्हणजे झाकण काढून दोन दिवस उन्हात ठेवलं आणि किटने खात्री केली, की ते पाणी माडांना चालतं. व्हाळात किंवा विहिरीच्या उतारावर सोडू नका. मे महिन्यात विहीर तळाला गेली आणि सात ड्रम परवडत नसतील, तर टब बंद ठेवा आणि बुकिंग घेतानाच तसं सांगा. जुनं पाणी पुढे ढकलू नका.

उघडण्याआधी एक परीक्षा घ्या. रात्री कुणीही न उतरता क्लोरीन ५ वर आणा, झाकण लावा, सकाळी मोजा. चारच्या आसपास उरलं तर नळ्या स्वच्छ झाल्या. दोनवर किंवा त्याखाली आलं तर आत अजून काहीतरी क्लोरीन खातंय. नळ्या धुण्याचं सगळं काम पुन्हा करायचं. जमलं तर पाण्याचा नमुना प्रयोगशाळेत द्या, पण तिथे स्युडोमोनास आणि लिजिओनेला अशी नावं घेऊन तपासणी सांगा, कारण पिण्याच्या पाण्याच्या नेहमीच्या तपासणीत कोलिफॉर्म बघतात आणि त्यात हे दोघे दिसत नाहीत. सलग तीन सकाळी चारच्या आसपास उरलं की मग कुलूप काढा. हे तीन आकडे आणि पीएच मला कळवा, मी बघून सांगतो.